चार नंबरचं गाणं

दिवसभर तांब्याच्या घंगाळावर हातोडा घालून अख्ख्या आळीचे कान किटवणारा माणूस दिवेलागणीला ओट्यावर उभा राहून आम्हालाच दटावायचा, "गप बसा जरा! मंडळी गायला बसलीत."

ही मंडळी म्हणजे हिरवे नाकतोडे. पंचाहत्तरच्या सुमारास मी लग्न होऊन नाशिकच्या तांबट आळीत आले, तेव्हा समोरच्या रंगनाथअण्णांचा हा षोक ऐन भरात होता. पहिली जोडी त्यांनी पेठच्या रानातून, एसटीत मांडीवर डबा धरून आणली होती. पुढच्या पिढ्या घरच्याच. लांब मिशा, पानासारखे पंख, आणि पंखावर पंख घासून काढलेली बारीक किर्रकिर्र. प्रत्येकाला पितळी तारेचा वेगळा पिंजरा, त्यावर ठोकलेला नंबर. "एकत्र ठेवले तर एकमेकांना खातात. कलाकार आहेत शेवटी," अण्णा सांगायचे. घरात भाजी नसली तरी चालेल, पण मंडळींना भोपळ्याचं ताजं फूल हवंच.

हातोड्यापायी अण्णांचे कान गेले होते. ते कबूल करत नसत. "बारीक आवाज तेवढा निसटतो," म्हणायचे. म्हणून त्यांची बायको, आमच्या काकू, शेजारी बसून, तांदूळ निवडता निवडता, कोण गातंय ते बोटांनी दाखवायच्या. कधी दोन, कधी एक, बहुतेक वेळा चार. "चार नंबर आज रंगलाय हो," त्या म्हणाल्या की अण्णा डोळे मिटून मान डोलवायचे.

मी शाळेत विज्ञान शिकवायचे. चार नंबरच्या पिंजऱ्यात दर वर्षी मादी असते, आणि यांच्यात गातात ते नर, हे मी केव्हाच ओळखलं होतं. काकूंचं हसं नको म्हणून बोलले नाही. मनात मात्र भरपूर हसून घेतलं.

पुढे काकू गेल्या. त्या वर्षी पिंजरे भरले, पण ओट्यावर अण्णा एकटेच. एका संध्याकाळी त्यांनी मला हाक मारली, "मास्तरीणबाई, जरा ऐकून सांगता का, कोण गातंय?"

मी कान दिला. "दोन नंबर."

"आणि चार?"

माझ्यातली मास्तरीण गप्प बसेना. "अण्णा, चार नंबर मादी आहे. ती गात नाही."

"मला सांगता? तिची अंडी ओल्या मातीत मीच सांभाळतो!" अण्णा हसले. मग म्हणाले, "आमच्या हिलाही ऐकू येत नव्हतं. तीस वर्षं माझ्या हातोड्याशेजारी काढली तिनं. मला वाईट वाटेल म्हणून कधी बोलली नाही. आपली अंदाजानं बोटं दाखवायची."

"मग रोज विचारायचात कशाला?"

"नाहीतर इतका वेळ शेजारी बसली असती का ती?"

मला माझ्या शहाणपणाची फार लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी हाक यायच्या आत मी निवडायचे तांदूळ सुपात घेऊन ओट्यावर जाऊन बसले. दोन नंबर जोरात गात होता. अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. मी चार बोटं वर केली.

"रंगलाय ना?" म्हणत अण्णांनी डोळे मिटले.