व्याह्यांवरचा उजेड

इंग्लंडमधल्या मिल्टन कीन्स गावची सारखीच दिसणारी नऊ राउंडअबाउट्स, म्हणजे गोल चौक, फिरून अनुप दिघे अखेर योग्य घरी पोचला आणि दार उघडणाऱ्या काकांच्या पाया पडला. घोळ झाला तो तिथेच.

अनुप लीड्सचा, डॉक्युमेंटरी करणारा. बारा वर्षं पोटासाठी फॅक्टरीतल्या सेफ्टीवर फिल्म्स केल्या; जीव मात्र चित्रकारांत आणि सिनेमात अडकलेला. २००५ साली कुठे एक चॅनेल राजी झालं. सिनेमाची पोस्टरं हाताने रंगवणारे मुरलीधर हळबे लेकीकडे आले होते. त्यांचं थोडं शूटिंग सोमवारी दाखवायचं; आवडलं तर फिल्म, नाहीतर विषय बंद. आणि हळबे उद्याच कोल्हापूरला परतणार होते. सगळं ठरलं होतं ते त्यांच्या लेकीशी, ईशानीशी, ईमेलवर. ती आज ड्यूटीवर होती.

घरात काका दोन. दार उघडणारे भरदार, बोलके. दुसरे कोपऱ्यात माकडटोपी घालून बसलेले. मोठ्या माणसाला ‘तुम्ही कोण’ असं विचारायचं नसतं, हे आईने अनुपच्या मनावर चांगलंच बिंबवलेलं. शिवाय कलाकार कोण ते दिसतच होतं की!

त्याने माकडटोपीवाल्या काकांच्या हाती चेहऱ्यावर उजेड टाकायचा चंदेरी रिफ्लेक्टर दिला. “काका, हे जरा धराल? फाइव्ह मिनिट्स.”

“धरतो की.”

“काका, पोस्टरं कशी रंगवायची?” अनुपने भरदार काकांना विचारलं.

“आधी नाक,” काका ठामपणे म्हणाले. “नाक जमलं की हिरो जमला.”

“आणि ब्रश कुठला?”

“ब्रशचं काय घेऊन बसलास! पाइपलाइन सहा इंची हवी. त्याशिवाय वरच्या मजल्याला प्रेशर येत नाही.”

अनुप चक्रावला. पण थोर कलाकार असंच गूढ बोलत असणार, अशी त्याने मनाची समजूत घातली आणि वहीत लिहिलं, ‘पाइप म्हणजे आयुष्य?’ तिसरी, शेवटची टेप संपली तेव्हा ईशानी घरी आली.

“अनुप, बाबांना का उभं केलंयस?”

“कोण बाबा?”

“हे काय, रिफ्लेक्टर धरलेले! आणि ते माझे सासरे, मोहनराव. नागपूरला पाणीपुरवठ्यात होते.”

अनुपने कॅमेरा काखेत मारला. हळब्यांना स्वयंपाकघरात गाठून तो रडवेल्या आवाजात म्हणाला, “काका, तुम्ही बोललात का नाही?”

“मी मुलीचा बाप. व्याही बोलत असताना मध्ये तोंड कसं घालणार?” हळब्यांनी आवाज खाली आणला. “पण हात चालू होते. टेप बघ तरी.”

कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर पाइपलाइन आली. उजेड बाजूने पडलेला, मोहनराव साक्षात हिरो. मग गाडी पुन्हा नाकावर आली. उजेड हळूच खाली सरकला, भुवयांच्या सावल्या कपाळावर चढल्या आणि मोहनराव पक्के खलनायक झाले.

“पाइपचं खरं बोलत होते,” हळबे म्हणाले. “थाप आली की उजेड खालून. चाळीस वर्षं पोस्टरवर मी हेच केलंय.”

मोहनराव मागून डोकावले. “नाकाचं ते ठेव हं. त्यात मी फार रुबाबदार दिसतोय.”

सोमवारी चॅनेलने तो तुकडा दोनदा पाहिला आणि फिल्म मंजूर केली. अट एकच: कोल्हापूरच्या शूटिंगला व्याहीही हवेत. हळब्यांनी फोनवर ‘नक्की का?’ असं दोनदा विचारलं. मोहनरावांना मात्र मुळीच नवल वाटलं नाही.

“मी म्हटलं नव्हतं?” ते अनुपला म्हणाले. “आधी नाक.”