भावकीच्या कानावर

आकाराम जगदाळे यांच्या थोरल्या लेकीचं लग्न मोडलेलं नव्हतं, ते फक्त दोनदा स्थगित झालं होतं. हा फरक तासगावच्या पूर्वेकडच्या त्या गावात सगळ्यांना कळत होता. कळत नव्हता तो एकट्या लीलेला, कारण नवरी ती होती.

स्थगितीचं कारण भावकी. जगदाळ्यांची भावकी एकशे बारा घरांची. साठ घरं गावात, बाकीची जतपासून मुंबईच्या गिरण्यांपर्यंत पांगलेली. यातल्या कुठल्याही घरात माणूस गेलं की सगळ्यांना सुतक, मूल जन्मलं की सगळ्यांना वृद्धी, आणि दोन्हींचा मुक्काम दहा दिवस. पहिली तारीख मुंबईच्या एका चुलत्यानं घालवली, ज्याचं तोंड आकारामनं उभ्या जन्मात पाहिलं नव्हतं. दुसरी घालवली जतकडच्या एका भावजयीच्या जुळ्यांनी. एकशे बारा घरांत कोणी मरत नाही आणि कोणी जन्मत नाही असा आठवडा पंचांगात कुठेच दिलेला नव्हता.

नवरा मुलगा अर्जुना माण तालुक्यातला, फौजेत शिपाई. जगदाळ्यांचं सुतक फौजेला मान्य नसल्यानं रजा ठरलेल्या दिवशीच संपायची. १९७४ च्या मे महिन्यात तो तिसऱ्यांदा रजेवर आला, तेव्हा त्याच्या वडिलांनी, म्हणजे लालासाहेबांनी, निरोप धाडला, "ही शेवटची तारीख. आमास्नी दुसरीकडनंबी सांगून आलंय."

आकारामची झोप उडाली. तिसऱ्या दिवशी त्यानं मारुतीच्या देवळात भावकी जमवली आणि विषय मांडला. सुतक माणूस मेल्यावर लागत नाही, बातमी कानावर आल्यावर लागतं, हे वाडवडिलांपासून चालत आलेलं आहे.

"मरणं आपल्या हातात न्हाई," तो म्हणाला. "पर ऐकणं हाय."

भावकीला हे एकदम पटलं. लीलेची वरात वेशीबाहेर जाईपर्यंत कोणाही जगदाळ्यानं काहीही ऐकायचं नाही, असं एकमतानं ठरलं. बांधाच्या वादात तीन पिढ्या ज्यांचं एकमत झालं नव्हतं, त्यांनीही हात वर केले. कोपरा फाडलेलं पोस्टकार्ड म्हणजे मरणाची बातमी, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. अशी कार्डं न वाचता तांदळाच्या डब्यात ठेवायची असं आकारामच्या बायकोला सांगण्यात आलं. त्या आठवड्यात तीन कार्डं आली. भावकी सुखरूप होती.

लग्नाच्या दिवशी सकाळी नऊ वाजता, मांडवाला लागून असलेल्या घरात नाथाजीतात्या वारले. तात्या आकारामचे चुलत चुलते आणि अख्ख्या भावकीतले वडील. आकारामनं लहानपणी सगळ्या जत्रा त्यांच्या खांद्यावर बसून पाहिल्या होत्या. त्यांची बायको दगडाबाई हंबरडा फोडणार, तोच आकाराम दारात उभा राहिला.

"काकी, रडू नगा."

"आरं, मालक गेलं माझं."

"मला काय ऐकू आलं न्हाई." त्यानं हात जोडले. "मुहूर्त साडेबाराचा हाय. पाचाला वरात वेस वलांडल. मग तुमी पोटभर रडा. समदी भावकी ऐकायला येईल."

दगडाबाईनं त्याच्याकडं बघितलं. मग दारातून दिसणाऱ्या, हळदीच्या अंगानं बसलेल्या लीलेकडं बघितलं. मग पदराचा बोळा करून तोंडात घातला आणि ती नवऱ्याच्या उशाशी जाऊन बसली.

भावकीनं मोठी शिस्त दाखवली. बायका पाळीपाळीनं दगडाबाईजवळ बसून उन्हाळा किती कडक आहे यावर बोलून आल्या. चार गडी बांबू तोडायला गेले. मांडव चार दिवसांपूर्वीच उभा राहिला होता, तरी बांबू कशाला असं त्यांना कोणी विचारलं नाही. लाऊडस्पीकरचा कर्णा तात्यांच्या घराकडं वळवण्यात आला, म्हणजे तिकडून काही ऐकू येण्याची शक्यताच उरू नये.

अडचण आली ती मानाच्या फेट्याची. पहिला फेटा भावकीतल्या वडिलांना, आणि तो व्याह्यानं आपल्या हातानं बांधायचा. लालासाहेबांनी चौकशी केली.

"तात्यांची तब्येत जरा नरम हाय," आकाराम म्हणाला.

"मग मी घरात जाऊन बांधतो की. मानाचं मानाला झालंच पायजे."

त्यांना अडवायला कोणाकडं कारण नव्हतं. लालासाहेब आत गेले. पाया पडायला वाकले, पायाला हात लागला, आणि क्षणभर तसेच राहिले. पोराची रजा गुरुवारी संपत होती. त्यांनी तात्यांचं डोकं हलकेच उचलून फेटा नीट बांधला, तुरा सारखा केला आणि बाहेर येऊन जाहीर केलं, "निवांत झोपल्यात. असं म्हातारपण समद्यास्नी मिळावं."

अक्षता पडल्या. पंगती उठल्या. वाढप्यांनी दगडाबाईकडं बुंदीचं ताटही पाठवलं. पाच वाजून दहा मिनिटांनी लीलेची गाडी वेशीबाहेर पडली आणि भावकी मोकळी झाली. हात धुऊन, फेटे सोडून सगळे तात्यांच्या अंगणात ओळीनं येऊन बसले. ऐकायची तयारी पूर्ण होती.

"काकी," आकाराम म्हणाला, "आता सांगा."

दगडाबाईनं तोंडातला बोळा काढला आणि पदर सारखा केला.

"काकी, दिवस मावळाय लागलाय. तुमी तोंडानं बोलल्याबिगर कसं उचलायचं?"

"सकाळी आलं हुतं रडू," ती म्हणाली. "तवा तू थांबीवलंस. आता येत न्हाई. मी काय करू?"

अंगणात कुजबुज झाली. कोणी म्हणालं, दोन टिपं तरी गाळा. कोणी म्हणालं, नुसता आवाज काढला तरी चालेल. आकारामनं तात्यांकडं पाहिलं. व्याह्याचा गुलाबी फेटा अजून डोक्यावर होता, आणि त्या फेट्याखालचा चेहरा आपल्याला खांद्यावर घेऊन फिरणाऱ्या माणसाचा आहे हे त्याला दिवसभरात पहिल्यांदाच दिसलं. त्याला रडू फुटलं. पोरासारखा रडला तो. भावकीला ते स्पष्ट ऐकू आलं आणि सुतक रीतसर लागू झालं.

लग्न छान झालं असं पुढं दहा दिवस सगळे म्हणत राहिले. चर्चा मात्र दगडाबाईची होती. नवरा मेला आणि बाईच्या डोळ्यांतून टिपूस निघालं नाही, असलं काळीज कुठं पाहिलं नाही, असं म्हणून बायका जिभा चावत.

भावकीला नावं ठेवायला आपलं काही जात नाही. पण खरं सांगा, लीलेची गाडी वेशीबाहेर पडली तेव्हा तुम्हालाही हायसं वाटलं ना? तोंडात पदराचा बोळा घेतलेली बाई तेव्हा आठ तास आतल्या खोलीत बसून होती, आणि तुम्ही तर जगदाळेही नाही.