वासुदेवकाकांचं लँडिंग

मोताळ्यात आमच्या गल्लीत वासुदेवकाकांच्या परवानगीशिवाय गाडी लागत नाही. हॉर्न वाजला की काका केशरी रंगवलेल्या दोन टेबल टेनिसच्या बॅटी घेऊन धावतात आणि मागे मागे चालत, हातवारे करत गाडी जागेवर आणतात. डोक्यावर बॅटींची फुली झाली की इंजिन बंद करायचं. मग काकांना अंगठा दाखवायचा.

कुणी टाळलं, तर काका ओरडतात, "पायलटबी दाखवते. तू कोन मोठा लागून गेला बे?"

उभी हयात काकांनी शहरातल्या विमानतळावर हेच केलं. उतरलेलं विमान त्याच्या जागी आणून उभं करायचं. माणूस निवृत्त झाला, हात झाले नाहीत. एका लग्नात नवरदेवाची गाडी जराशी वाकडी लागली, तर ती त्यांनी पुन्हा मागे घ्यायला लावली. सासूबाई ओवाळणीचं ताट घेऊन ताटकळल्या, बँडवाले वाजवून दमले, पण काका फुली करेनात.

असा हा माणूस स्वतः मात्र बाजाराला पायी जायचा. चांगली स्कूटर अंगणात झाकून ठेवलेली. विचारलं तर म्हणायचे, "पाय मोकळे होतात, मास्तर." मला वाटायचं, पेट्रोल वाचवतात, दुसरं काय!

मध्यंतरी एका मुलीने विमानं उतरवणाऱ्या माणसांवर छोटा माहितीपट केला. त्यात काकाही होते. तो बघायला सगळी गल्ली माझ्या घरी जमली. काका इस्त्रीचा शर्ट घालून टीव्हीसमोर बसले. पायलट बोलून झाले, टॉवरमधले साहेब झाले, काका काही येईनात. अगदी शेवटी आले. मुलीने विचारलं, "काका, तुम्ही घरी आलात की तुम्हाला कोण उतरवायचं?"

टीव्हीतले काका हसले. "आमच्या घरची. फाटकात दोन उलथने घेऊन उभी राहे. मी स्कूटर आनली की बराबर फुली करे. ती गेली, तवापासून स्कूटरच नाही काढली. मले उभं कोन करीन?"

काका चष्मा पुसत उठून गेले. मला माझीच लाज वाटली.

सकाळी मी त्यांच्या बॅटी मागून घेतल्या. "काढा स्कूटर, काका. एक चक्कर मारून या."

"तुमाले जमन काय, मास्तर?"

"या तर खरं!"

बसस्टँडपर्यंत जाऊन ते परत आले. मी फाटकातून मागे मागे चालत त्यांना अंगणात आणलं आणि फुली केली.

"हात वर घ्या, मास्तर!"

घेतले. इंजिन बंद झालं. काका तसेच हँडल धरून बसून राहिले. मग अंगठा दाखवून हळूच म्हणाले, "उद्या उलथने घ्या. चुलीपाशी टांगेल हायेत. बॅटींची सवय नाही मले."