करवंट्यांचा टांगा

अच्युतनं हौसेनं काढलेल्या मूक फिल्मला आवाज द्यायचं काम नीळकंठरावांनी आपण होऊन अंगावर घेतलं, आणि तिथंच घोडं पेंड खाऊ लागलं.

दोघेही सचिवालयातले कारकून, राजधानीबरोबर नागपूरहून भोपाळला येऊन पडलेले. अच्युतनं कुणाचा तरी कॅमेरा आणला आणि कुणाची तरी मेहुणी नायिका केली. गोष्ट एवढीच, की परगावी दिलेली मुलगी माहेरच्या माणसाची वाट बघते आणि शेवटी दारात टांगा थांबतो. नीळकंठरावांनी पेटीवर तिचं जे संगीत बांधलं, ते ऐकून त्यांना स्वतःलाच रडू फुटलं. (शेजारचे खाँसाहेबही रडकुंडीला आले होते, पण त्याचं कारण वेगळं.)

राहिला टांगा. नीळकंठरावांनी लक्ष्मीपूजनासाठी ठेवलेला नारळ फोडला आणि दाराबाहेरच्या फरशीवर बसून करवंट्या आपटायला सुरुवात केली. टप टप, टप टप. घोड्याच्या गळ्यात देवघरातली घंटा. समोर अच्युत टेपरेकॉर्डर लावून बसला होता. टांगा लांबून आला, दाराशी थांबला.

आत त्यांची बायको रत्नप्रभा पोळ्या लाटत होती. भोपाळात आल्यापासून तिला माहेर दिसलं नव्हतं. दिवाळीला न्यायला भाऊ येणार, म्हणून बिचारीचे कान सारखे रस्त्याकडे. ती पोळीचा तुकडा नि पाण्याचा तांब्या घेऊन, भावावरून ओवाळून टाकायला, तशीच धावत बाहेर आली.

"दादा, आलास? किती रे वाट बघायला लावलीस!"

दारात दादा नव्हता. करवंट्या घेऊन ओणवा झालेला नवरा होता.

"हे काय?"

"टांगा," नीळकंठराव म्हणाले.

ती रागावली असती तर त्यांना बरं वाटलं असतं. पण तिचे डोळे भरून आले आणि ती आत गेली.

"नीळकंठराव, यंत्र चालूच होतं," अच्युत हळूच म्हणाला. "वहिनींचा आवाज असाच ठेवू. पेटी काढून टाकू."

"सगळी?"

"सगळी. त्यांच्यापुढे खोटी वाटते हो."

पुढे नरहर, म्हणजे तिचा दादा, खरंच आला. (चिक्कू माणूस, स्टेशनवरून चालत आला.) रत्नप्रभा नागपूरला गेली. नीळकंठरावांना रजा मिळाली नाही. अच्युतचा टेपरेकॉर्डर त्यांच्याकडेच राहिला होता. ऑफिसातून आले की ते तो लावायचे. "किती रे वाट बघायला लावलीस!" हाक आपल्याला नाही, हे त्यांना कळत होतं. पण आवाज तिचा होता, आणि तिच्यावाचून घर खायला उठत होतं.

भाऊबीज होऊन गेली. एका संध्याकाळी दाराशी टांगा थांबला, अगदी खराखुरा.

"लो खां, आ गया मकान," टांगेवाला भोपाळी थाटात आतल्या उतारूला म्हणाला.

नीळकंठराव ताडकन उठले. सकाळची करपलेली पोळी तोडली, तांब्या उचलला आणि बाहेर धावले. "आलीस? अगं, किती वाट बघायला लावलीस!"

टांग्यातून अच्युत उतरला. त्यानं तुकड्याकडे पाहिलं, तांब्याकडे पाहिलं.

"ओवाळा हवं तर," तो म्हणाला, "पण मी टेपरेकॉर्डर न्यायला आलोय."