मिस्टर अल्कांतारांची पेटी

रविवारी सकाळी धनेश पावसकरने कुरिअरच्या सादिकला तिसऱ्यांदा ठणकावून सांगितलं, "लोपेझ नावाचा माणूस इथे नाही."

"धनेशभाऊ, पत्ता तुमच्याच ऑफिसचा आहे. गाला भाग, पंपवाले. पेटी स्पेनहून आलीय."

"अरे, इथला हजेरीपट मी ठेवतो. मला माहीत नसणार? ने परत."

सादिक पेटी घेऊन गेला. लोपेझ त्या वेळी पाच पावलांवरच्या केबिनमध्ये बसून त्याच पेटीची वाट पाहत होता.

यात धनेशची चूक म्हणावी तर होती, म्हणू नये तर नव्हती. महिन्यापूर्वी आलेल्या स्पॅनिश इंजिनिअरच्या पासपोर्टवर नाव होतं आंद्रेस लोपेझ अल्कांतारा. धनेश रत्नागिरीचा, नोकरीसाठी आखातात आलेला. पहिलं नाव स्वतःचं, मधलं बापाचं, शेवटचं आडनाव. जगात दुसरी काही पद्धत असेल ही शंकाही त्याला कधी शिवली नव्हती. त्यामुळे हजेरीपटावर, ओळखपत्रावर आणि केबिनच्या दारावरच्या पितळी पाटीवर तो 'मिस्टर अल्कांतारा' झाला. आणि तो भला माणूसही त्या हाकेला हसून ओ देत होता.

मंगळवारी तो धनेशच्या टेबलाशी आला. "माझी पेटी? गुरुवारी सहम गावात तिच्यातला फिल्टर बसवायचाय."

गुरुवार धनेशलाही जड होता. सहमच्या विहिरीचं पाणी खारट झालं होतं, तिथली खजुराची बाग कंपनीच्या मालकाच्या, अर्बाब हिलालच्या सासऱ्यांची होती, आणि धनेशच्या बायकोच्या, विद्याच्या व्हिसाचा फॉर्म तीन आठवडे सहीविना अर्बाबच्या खणात पडून होता. विचारलं की अर्बाब म्हणे, "सहमचं होऊ दे. मग बघू, इन्शाल्ला."

"तुमची पेटी आलीच नाही," धनेश म्हणाला. "एक आली होती, पण ती कुणा लोपेझची."

"लोपेझ मीच."

"लोपेझ तुमचे वडील ना?"

"तेही. आजोबाही. कुणा लोपे नावाच्या पूर्वजाची आम्ही मुलं. अल्कांतारा आईचं आडनाव. आमच्याकडे दोन्ही लावतात."

"म्हणजे लग्नानंतरही आईचं तेच राहतं?"

"तिचंच आहे ते. टाकून ती कुठे जाणार?"

धनेशने केबिनच्या दारावरच्या पाटीकडे पाहिलं. "मग महिनाभर बोलला का नाहीत?"

"मला वाटलं, तुमच्याकडे आईला आधी मान देतात. आमच्याकडे हाक मारताना तिचं आडनाव गळतं. नातवंडांपर्यंत तर बहुधा पोचतच नाही. पाटीचा फोटो आईला पाठवला. तिने तो फ्रेम करून लावलाय."

धनेशला त्या माणसाचं आणि त्याच्या देशाचं मनापासून कौतुक वाटलं. त्याने सादिकला फोन लावला. पेटी उद्या दुपारच्या विमानाने परत निघणार होती. थांबवायची तर एकच उपाय होता: लोपेझ आणि अल्कांतारा एकच, असं अर्बाबच्या सहीचं पत्र.

अर्बाबने दोघांचं सगळं ऐकून घेतलं. धनेश मान खाली घालून 'खलास' या शब्दाची वाट पाहत होता.

"अल्कांतारा म्हणजे काय?" अर्बाबने विचारलं.

"गावाचं नाव," आंद्रेस म्हणाला. "तिथे मोठा पूल आहे. अरबांनी त्यावरून नाव ठेवलं. त्या गावचे ते अल्कांतारा."

"आमच्या पावसचे पावसकर, तसं," धनेश पुटपुटला.

"अल्-कंतरा," अर्बाबने सावकाश म्हणून पाहिलं. "पूल. हा तर आमचा शब्द. एवढ्या लांब गेला, लोकांच्या नावात जाऊन बसला आणि इतक्या वर्षांनी माझ्या ऑफिसात आला." त्याने पत्रावर सही ठोकली. "पाटी काढायची नाही."

धनेश उठू लागला.

"बस. नावांचं चाललंच आहे तर हेही सांग." अर्बाबने खणातून फॉर्म काढला. "तुझी लाज राखायची म्हणून मी गप्प होतो. विद्या धनेश पावसकर. मधलं नाव बापाचं, शेवटचं कुळाचं. म्हणजे ही तुझी मुलगी. वय एकतीस. तुझं छत्तीस. आणि नातं तू लिहिलंस, बायको."

"अर्बाब, मधलं नाव नवऱ्याचं. आमच्यात लग्न झालं की बदलतात."

"बापाचं नाव काढून टाकतात? का?"

धनेशने आंद्रेसकडे पाहिलं. आंद्रेस छताकडे पाहत होता.

"यल्ला, दुसरं पत्र लिही," अर्बाब म्हणाला. "लग्नाआधीची आणि नंतरची, दोन्ही विद्या एकच."

गुरुवारी सहमला गोडं पाणी आलं. अर्बाबच्या सासऱ्यांनी तीनदा ओंजळ भरून पिऊन पाहिलं. धनेशने तिथूनच, खजुराच्या सावलीत बसून घरी फोन लावला.

"सही झाली. पत्र वाचून दाखवतो, चूक राहायला नको. विद्या धनेश पावसकर, म्हणजेच विद्या रविकांत आडिवरेकर..."

"थांबा जरा," पलीकडून आवाज आला.

"विद्या? काही चुकलं का?"

"नाही हो," ती म्हणाली. "सात वर्षांत ते नाव कुणी घेतलं नव्हतं. परत एकदा वाचा."

धनेशने परत वाचलं. या वेळी जरा सावकाश.

"तिथल्या घराच्या दारावर पाटी आहे का हो?" विद्याने विचारलं.

"नाही अजून," धनेश म्हणाला, आणि फोन चालू असतानाच पितळी पाटीवाल्याचा नंबर शोधू लागला.