खांबेटेकाकांची रेल्वे आणि व्याह्यांचे ट्रक

खांबेटेकाका पालक विकत घेण्याआधी त्याने प्रवास कसा केला ते विचारत. "रेल से आया कि ट्रक से?" ट्रकने आलेली भाजी त्यांच्या घरात शिजत नसे. नोएडातल्या आमच्या सेक्टरचा भाजीवाला लवकरच शहाणा झाला. जवळच यमुनेच्या काठावर उगवलेला पालकही तो छातीवर हात ठेवून "रेल से आया है, बाबूजी" म्हणून देई, आणि काका ती जुडी विजयी मुद्रेने घरी नेत. मी एकदा खरं सांगायला निघालो, तर काकूंनी मला डोळ्यांनीच दटावलं. त्यांना अधूनमधून तरी हिरवी भाजी खायची होती.

काका रेल्वेच्या मालवाहतूक विभागात होते. दिल्लीत सरकारी नोकरी करणारे आम्ही मराठी लोक संध्याकाळी ऑफिस ऑफिसात सोडून घरी येतो. काका मालगाडी बरोबर घेऊन येत. कोळसा, गहू, सिमेंट आणि खत यांच्यावर देश चालतो, बाकी सगळी भाषणं, असं त्यांचं मत होतं. एसी एक्सप्रेस पुढे काढण्यासाठी मालगाडी बाजूला उभी करतात, हा तर त्यांना देशद्रोहच वाटे. "आत बसलेत कोण? आपल्यासारखे बाबू. आणि बाहेर ताटकळतंय कोण? पंजाबचा गहू!"

बाजार नुकताच खुला झाला होता. सेक्टरात सारखी नवी शोरूम उघडत, आणि त्यांत विकायच्या वस्तू आणणारे ट्रक आमच्या खिडक्यांखालून हॉर्न वाजवत जात. आता जमाना ट्रकचा आहे, असं जो तो सांगे. काका बाल्कनीत उभे असले आणि ट्रक आला, की त्याला पाठ दाखवत. अक्षरशः वळून उभे राहत. लोक हसायचे, मीही हसायचो. पण खरं सांगतो, मला ते आवडायचं. सगळे ज्याच्यामागे धावतात त्याला पाठ दाखवणारा एक तरी शेजारी माणसाला असावा.

अशा माणसाच्या एकुलत्या एक मुलीने, मंजूने, पानिपतच्या ट्रकवाल्याचा मुलगा पसंत केला. मंजू इथेच एका एक्स्पोर्ट कंपनीत होती. पानिपतची ब्लँकेटं गुलाटींच्या ट्रकमधून तिच्या कंपनीत येत, आणि त्यांच्याबरोबर कागदपत्रं घेऊन गुलाटींचा अनिल येई. पुढे पुढे ब्लँकेटं नसली तरी येऊ लागला.

पुण्याहून आलेले नातेवाईक पंजाबी जावई या विषयाची पूर्ण तयारी करून आले होते. काकांनी त्यांना पहिल्याच वाक्यात गार केलं. "पंजाबी आहे ना, असू दे. त्याला मराठी शिकवता येईल. ट्रकचं काय करायचं, ते बोला."

बोलणी करायला स्वतः गुलाटीजी आले. धिप्पाड, हसतमुख माणूस. काकांनी चहाबरोबरच उलटतपासणी सुरू केली. ब्लँकेटं परदेशी जातात कशी? गुलाटीजी म्हणाले, डेपोपर्यंत आमचा ट्रक, तिथून कंटेनर तुमच्या मालगाडीवर चढतो आणि मुंबईच्या बंदरात उतरतो. बघा, लांबचा पल्ला कोणाचा, अशा नजरेने काकांनी आम्हा सगळ्यांकडे पाहिलं.

"खांबेटेजी," गुलाटीजी शांतपणे म्हणाले, "आपकी रेल कारखाने के दरवाज़े तक आ जाए, तो मैं सारे ट्रक आज बेच दूँ."

"दरवाज़ा स्टेशन के पास बनवाना था," काका म्हणाले.

गुलाटीजी इतके हसले की बशीतला चहा सांडला, आणि लग्न ठरलं.

मग काकांनी एक अट घातली. मंजूचं सामान पानिपतला रेल्वेनेच जाईल. हुंडा वगैरे काही नव्हता. तिचं कपाट, शिलाईमशीन, पुस्तकं आणि काकूंनी हौसेने केलेलं रुखवत, एवढंच. पण गुलाटीजींचं हसू मावळलं. ज्याचे ट्रक सगळ्या उत्तरेत फिरतात त्याच्या सुनेचं सामान रेल्वेच्या पार्सलातून यावं? बिरादरीत तोंड कसं दाखवायचं? काका हटेनात, ते हटेनात. हॉल ठरलेला, पत्रिका वाटलेल्या, आणि लग्न एका कपाटापायी अडलं. काकूंनी नवऱ्याशी बोलणं सोडलं. मी समजावायला गेलो, तर "तुम्हीपण त्यांच्यातलेच का?" असं विचारून काकांनी मला चहाविना परत पाठवलं.

शेवटी मंजूच बोलली. भांडली नाही, रडली नाही.

"बाबा, त्यांचा ट्रक तुम्ही दारात उभा राहू दिला नाहीत, तर उद्या त्या घरातली मी तुमच्या दारात कशी उभी राहू?"

काका उठून बाल्कनीत जाऊन आले. मग म्हणाले, "येऊ दे ट्रक. पण सामान मी चढवणार. त्या लोकांना भरता येत नाही."

लग्न लागलं, जेवणं झाली, आणि भर उन्हात झेंडूच्या माळा घातलेला ट्रक दाराशी आला. काका रेशमी सदऱ्यानिशी वर चढले. कपाट केबिनला टेकवून उभं केलं, मशीन गोणपाटात गुंडाळलं, रुखवतातल्या काचेच्या वस्तू गवतात बसवल्या. ड्रायव्हरने बांधलेली एकेक गाठ सोडून पुन्हा बांधली. तो बिचारा सरदारजी हात जोडून बघत राहिला. इकडे सगळी बायकामंडळी रडत होती आणि काका ताडपत्रीवरून ओरडत होते. मंजू पाया पडली तेव्हाही त्यांच्या हातात दोरच होता.

मोटार निघाली, मागोमाग ट्रक निघाला, आणि कोपऱ्यावर वळून दिसेनासा झाला. पाहुणे आत गेले. काका रस्त्यातच उभे. मी म्हटलं, काका, चला, ऊन लागेल, आता काही दिसायचं नाही.

"थांबा हो," ते म्हणाले. "रेल्वे असती तर मी केव्हाच आत गेलो असतो. ती एकदा सुटली की सुटली." सदऱ्याच्या बाहीने त्यांनी तोंड पुसलं. "हा ट्रक आहे. मनात आलं तर कुठूनही वळून परत येऊ शकतो."

मग मीही त्यांच्याजवळ उन्हात उभा राहिलो.