ट्यूबलाइटचे शत्रू निशिकांतराव

निशिकांतराव कुणाच्याही घरी गेले की आधी ट्यूबलाइट बंद करतात. नमस्कार नंतर. "अहो, काय हा सपाट उजेड! माणूस आहे की पासपोर्टचा फोटो?" मग यजमानांनी अंधारात चाचपडत आणलेलं पाणी ते समाधानाने पितात.

वारज्यात आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये ते एकटे राहतात. व्यवसाय विचारला की सांगतात, "स्वतंत्र छायालेखक. माहितीपट." स्वतंत्र म्हणजे निर्मात्यापासूनही आणि प्रेक्षकांपासूनही. त्यांच्या एका माहितीपटाला मी गेलो होतो. पाऊण तास एक कुंभार माती मळत होता. शेवटी तरी मडकं होईल या आशेवर मी बसून राहिलो. झालं नाही. बाहेर आल्यावर विचारलं, तर म्हणाले, "मडकं बघायचं होतं तर कुंभारवाड्यात जायचं."

बाबांच्या पंचाहत्तरीला आईने हट्ट धरला, यांचं थोडं तरी चित्रीकरण हवंच. बाबांचा उजवा हात कंपवाताने हलतो. कॅमेरा दिसला की तो खिशात जातो. आईच्या शब्दाखातर ते कसेबसे तयार झाले. निशिकांतरावांना बोलवायला गेलो तेव्हा मी हळूच म्हटलं, "हात तेवढा फ्रेमबाहेर ठेवाल का?"

"मला फ्रेम शिकवू नका."

आले. ट्यूब बंद केली, कॅमेरा टेबलावर ठेवला आणि आईने मंडईतून आणलेले मटार सोलायला बाबांच्या शेजारी बसले. चित्रीकरणाला बोलावलेला माणूस मटार सोलतोय! मी कपाळाला हात लावला. गप्पांच्या नादात त्यांनी कॅमेरा कधी उचलला, ते ना मला कळलं ना बाबांना.

आठवड्याने त्यांनी ते आमच्याच घरी पडदा लावून सगळ्यांना दाखवलं. पडदाभर बाबांचा हात. थरथरत शेंग सोलणारा, आणि बाहेर सांडलेला दाणा अलगद भांड्यात टाकणारी आई. मी धास्तावून बाबांकडे पाहिलं. ते टक लावून बघत होते. "पुन्हा लावा हो," एवढंच म्हणाले.

निशिकांतरावांना सोडायला दारापर्यंत गेलो. "मी फ्रेमबाहेर ठेवा म्हटलं होतं."

"आमचे बाबाही तेच म्हणायचे," ते चपला घालत म्हणाले. "त्यांचाही हात हलायचा. मी ऐकलं त्यांचं. आता चेहरा भरपूर आहे माझ्याकडे. ज्या हाताला धरून शाळेत गेलो, तो कुठेच नाही."

मी त्यांच्याकडे बघत दारातच उभा राहिलो.

"बघताय काय? जा, बाबांजवळ बसा," असं खेकसून ते आपल्या घराचं कुलूप काढू लागले.